कामाचे स्वरूप भिन्न

झाडू ती कधी आडवा टाकत नसे. भिंतीला उभा, काड्या वर.

चहा पिताना रस्त्याकडे पाठ करून बसायची.

वरून कुणी कचऱ्याची पिशवी फेकली तर मान वर करत नसे. पडण्याच्या आवाजावरून मजला ओळखायची. "तिसरा," म्हणायची आणि पिशवी उचलायची.

मुकादमाने शिट्टी मारली की तिची चाल आणखी हळू व्हायची.

देवळापुढे आणि मशिदीपुढे ती सारख्याच सावकाशीने झाडायची. बँकेपुढे मात्र भराभर. बँकेला स्वतःचा झाडूवाला होता आणि तो आत पंख्याखाली बसलेला असायचा.

रस्त्यावर सापडलेली वस्तू उचलत नसे. एकदा कानातला डूल पडला होता, सोन्याचा वाटत होता. तिने तो झाडूने हलकेच कडेला केला आणि पुढे गेली. "उचलला तर चोर, नाय उचलला तर येडी," ती म्हणाली. "येडी बरी."

नाव विचारलं तर आडनावासकट सांगायची. चिंगी हिलम. विचारणाऱ्याला नुसतं चिंगी पुरायचं.

पनवेलच्या जुन्या गावात, बंदराच्या बाजूला, आमची गल्ली आहे. गल्लीच्या तोंडाशी अब्बांचं दुकान. वह्या, पेनं, झेरॉक्स. २०११ साली मी मराठी घेऊन बी.ए. झाले. नोकरी नव्हती, म्हणून झेरॉक्सच्या मशीनमागे बसले. चिंगी त्याच्या चार वर्षं आधीपासून गल्ली झाडत होती. वय चाळिशीचं असेल, तिलाही नक्की ठाऊक नव्हतं. पळस्प्याच्या पुढे डोंगराच्या पायथ्याला कातकरी वाडी आहे, तिथून पहाटे निघून यायची. त्याआधी वीटभट्टीवर होती. "भट्टीवाला आधी उचल देतो आनि मंग वरीसभर बांधून ठेवतो," ती सांगायची. "ठेकेदार काय देतच नाय, तं बांधनार कशानं." लोक हसायचे. त्यांना तो विनोद वाटायचा.

आमच्या दुकानात तिचा कप वेगळा होता. कान तुटलेला, पत्र्यामागे ठेवलेला. अब्बा पाच वेळा नमाज पढणारे, कुणाचं वाईट न चिंतणारे गृहस्थ. कप त्यांनीच वेगळा काढला होता. मी एकदा आमच्या कपात चहा दिला तर तीच म्हणाली, "माझा दे, हिबा. तो फुटला तर कोन बोलनार नाय." मी तिचा कप धुऊन दिला. अब्बांशी त्यावर बोलले नाही.

गल्लीला झाडणाऱ्या दोघी होत्या. मशिदीच्या कोपऱ्यापासून मधल्या दिव्याच्या खांबापर्यंत सुमतीबाई. खांबापासून बंदराच्या टोकापर्यंत चिंगी. सुमतीबाई नगरपालिकेच्या कायम कामगार, सासूच्या जागेवर लागलेल्या. चिंगी ठेक्यावर. खांबाच्या अलीकडचा कचरा आणि पलीकडचा कचरा यांत मला कधी फरक दिसला नाही. पगारात होता. सुमतीबाईंना चिंगीच्या जवळजवळ तिप्पट मिळायचं. शिवाय साड्या, रेनकोट, गमबूट, दर महिन्याला दोन साबण आणि आठवड्याची सुट्टी. चिंगीला एक नारिंगी जाकीट होतं. त्याच्या पाठीवर ठेकेदार कमलाकरशेठच्या संस्थेचं लांबलचक नाव होतं आणि नावात 'सेवा' हा शब्द होता.

सुमतीबाईंचे गुडघे २०१० च्या सुमारास गेले. बसल्या की उठता यायचं नाही, उठल्या की वाकता यायचं नाही. वरती कळलं असतं तर तपासणीला पाठवलं असतं आणि नोकरी गेली असती. घरात आजारी नवरा होता. तेव्हापासून चिंगी आख्खी गल्ली झाडू लागली. कुणी ठरवलं नाही, कुणी कुणाला विनंती केली नाही. सुमतीबाई खांबाजवळच्या पायरीवर झाडू हातात धरून बसायच्या आणि महिन्याच्या दोन साबणांतला एक चिंगीला द्यायच्या. भरत मुकादम स्कूटरवरून लांबूनच शिट्टी मारून जायचा. त्याला दोन झाडू दिसले की हजेरी भरली.

"अगं, माझ्या बाजूला पानं राहिलीत," सुमतीबाई पायरीवरून सांगायच्या.

"दिसली. तुमच्या पगाराची पानं हायेत, जड जातात."

"जळो तुझी जीभ."

"जळली तं राख पन मलाच झाडायचीय."

मग दोघी हसायच्या. वरच्या मजल्यावरच्या एक बाई मला म्हणाल्या होत्या, "ह्या लोकांचं बरं असतं, कशाचं टेन्शन नाही." त्यांच्या घरातून रोज दोन पिशव्या पडायच्या.

बंदराच्या टोकाला गल्लीचं गटार खाडीला मिळतं. अमावास्या-पौर्णिमेला उधाणाची भरती आली की पाणी उलटं फिरतं आणि गल्लीने जे जे टाकलं ते सगळं दारात परत आणून ठेवतं. गटार काढणं झाडणाऱ्यांचं काम नव्हतं. त्यासाठी गाडी होती. गाडी कागदावर दर आठवड्याला यायची. एकदा पाणी फारच चढलं तेव्हा भरत मुकादम चिंगीला म्हणाला, "कर गं तेवढं." ते तेवढं सहा वर्षं चाललं. लोखंडी सळईने ती झाकण उचलायची, फावडं आत घालायची, खांद्यापर्यंत वाकायची. हातमोजे नव्हते. तिने मागितले तेव्हा भरत म्हणाला, "हातमोजे गटारवाल्यांना असतात. तू झाडूवाली ना?"

२०१३ च्या दिवाळीनंतर चारुदत्त आले. पूर्वी कुठल्याशा कारखान्यात कारकून होते, निवृत्तीनंतर ठेक्यावरच्या कामगारांची संघटना चालवायचे. खांद्याला कापडी पिशवी, पिशवीत कायद्याची फाटकी प्रत. कामगार खात्याकडे करायच्या अर्जासाठी त्यांनी एकेचाळीस सफाई कामगारांच्या सह्या आणि अंगठे गोळा केले होते. नियम त्यांनी आमच्या दुकानात उभं राहून समजावून सांगितला. ठेक्यावरचा माणूस कायम माणसासारखंच काम करत असेल तर त्याला पगारही तोच द्यायचा.

"सारखंच," ते म्हणाले. "हा शब्द धरून चालायचं. बाकी काही बोलायचं नाही."

चौकशीसाठी त्यांनी आमची गल्ली निवडली. एक रस्ता, मध्ये एक खांब, दोन बाजूंना दोन बायका, दोन झाडू. याहून सरळ पुरावा मिळणार नाही, असं त्यांचं म्हणणं होतं आणि ते खरंच होतं. म्हणजे एकेचाळीस जणांचा निकाल आमच्या गल्लीवर आला.

मी चिंगीला विचारलं, पगार वाढला तर काय करणार.

"वाढायला नको," ती म्हणाली. "तिच्याएवढा पायजे. जास्ती दिला तं परत देईन."

"आणि सुट्टी?"

"ती पन तिच्याएवढी. रईवारी मी येनार नाय. तुमी बसा कचऱ्यात."

अर्जासोबत कामाची हकीगत जोडायची होती. चारुदत्त म्हणाले, दोन ओळी पुरे. मी दोन पानं लिहिली. सुमतीबाईंच्या गुडघ्यांचं आणि आख्खी गल्ली झाडण्याचं अर्थातच लिहिलं नाही. पण गटार लिहिलं. भरती लिहिली, सळई लिहिली, खांद्यापर्यंत वाकणं लिहिलं, उघडे हात लिहिले. चारुदत्तांनी ते बसची वेळ झाली म्हणून उभ्याउभ्याच वाचलं आणि म्हणाले, "छान. डोळ्यांत पाणी आलं." मग त्यांनी पानं अर्जाला टाचली.

चौकशीचा दिवस फेब्रुवारीत ठरला. कामगार खात्याचे साहेब सकाळी आठला यायचे होते. चिंगीने सवयीने साडेसातला गल्ली झाडून टाकली. चारुदत्त आले, बघतात तर रस्ता स्वच्छ. झाडताना दाखवायला कचराच नव्हता. मग एका निवृत्त कारकुनाने आणि दोन झाडूवाल्यांनी मिळून कचरापेटीतली पानं आणि कागद पुन्हा रस्त्यावर पसरले. वरच्या मजल्यांवरून लोक बघत होते. कुणी विचारलं नाही. रस्त्यावर कचरा पसरलेला त्यांना रोजचाच.

सुमतीबाईंनी पहाटे दुखण्याची गोळी घेतली होती. गुडघ्यांना तेल चोळून फडकी बांधली होती. तासभर झाडेन म्हणाल्या होत्या. साहेब साडेअकराला आले. गोळी तेव्हा उतरली होती आणि अमावास्येची भरती चढत होती.

साहेब सभ्य होते. हे सांगायला हवं. कुणावर ओरडले नाहीत. अब्बांनी चहा दिला, आमच्या चांगल्या कपात. त्यांनी आधी नको म्हटलं, मग घेतला. चिंगी त्यांच्यासमोर झाडत गेली, खांबापासून बंदराकडे. सुमतीबाई मशिदीपासून खांबाकडे येऊ लागल्या. दहा-बारा पावलं चालल्या. मग एका ठिकाणी वाकल्या त्या वाकलेल्याच राहिल्या. साहेब अजून चिंगीकडे बघत होते, पण त्यांची मान वळायला लागली होती.

चिंगीने ते पाहिलं. झाडू भिंतीला लावला आणि सळई घेऊन गटाराचं झाकण उचकटलं. काळं पाणी वर आलं.

"साहेब, हिकडं बगा," ती म्हणाली. "जरा मागं सरा. बूट चांगले हायेत."

साहेब मागे सरले आणि तिकडेच बघत राहिले. माझ्या बाजूला सुमतीबाई भिंत धरून सावकाश पायरीवर बसल्या. चारुदत्त चिंगीला हाताने 'नको, नको' करत होते. तिने त्यांच्याकडे बघितलं नाही. फावडं आत घातलं आणि गाळ बाहेर ओढला.

"हे तुम्ही नेहमी करता?" साहेबांनी विचारलं.

"अवसेला नि पुनवेला. मधी कुनी गादीबिदी टाकली तं तवा पन."

"गादी?"

"कापसाची. एकदा पाळना निगाला होता."

साहेबांच्या मागे उभा असलेला भरत मुकादम हसला. मग साहेबांकडे बघून थांबला.

"आणि त्या बाई? त्या करतात का हे काम?"

चिंगीने फावड्यावरची पकड बदलली. हो म्हटलं असतं तर साहेब म्हणाले असते, बोलवा त्यांना, दाखवू दे करून.

"नाय," ती म्हणाली. "त्यांचं कामच नाय ते. मीच करते."

"फक्त तुम्ही?"

"फक्त मी."

तिने ते ताठ मानेने सांगितलं. साहेबांनी लिहून घेतलं. अक्षर सुरेख होतं. मग अर्ज उलटून मागची दोन पानं काढली. "यातही गटाराचा उल्लेख आहे. चांगलं लिहिलंय. कुणी लिहिलं?"

चिंगीने गाळाने भरलेलं फावडं माझ्याकडे केलं. "ह्या पोरीनं. लई शिकलेली हाय."

मला बरं वाटलं. दुपारपर्यंत बरंच वाटत होतं. चारुदत्त चष्मा काढून डोळे चोळत बसले होते, ते मला थकव्याने वाटलं.

अहवाल मे महिन्यात आला. चारुदत्त तो एकेचाळीस प्रती काढायला आमच्याच दुकानात घेऊन आले. पहिली प्रत मशीनमधून गरम बाहेर आली, ती मी वाचली.

"कायम कामगार केवळ रस्ता झाडण्याचे काम करतात. कंत्राटी कामगार रस्ता झाडण्याबरोबरच गटाराची सफाईही करतात, हे प्रत्यक्ष पाहणीत तसेच अर्जदारांच्याच लेखी हकिगतीत दिसून येते. सबब दोहोंच्या कामाचे स्वरूप भिन्न असून समान वेतनाची मागणी ग्राह्य धरता येत नाही."

मी ते पुन्हा वाचलं. एकही शब्द खोटा नव्हता. भाषा शुद्ध होती. 'सबब' योग्य जागी होता. मला कॉलेजात असंच लिहायला शिकवलं होतं: आधी पुरावा, मग निष्कर्ष. पुरावा मीच दिला होता. मशीन पुढच्या प्रती काढत राहिलं आणि मी बटण बंद करायचं विसरले. एकोणपन्नास प्रती निघाल्या.

चिंगी तेव्हा बंदराच्या टोकाला गटारावर होती. पावसाळ्याआधी गटार काढून ठेवायचं म्हणून दोन दिवस लागली होती. सातव्या झाकणापाशी आली होती. आम्ही तिला हाक मारली. ती आली, हात न धुता दुकानाच्या पायरीखाली उभी राहिली. चारुदत्तांनी अहवाल वाचला आणि मग सोप्या भाषेत सांगितला.

"म्हंजे मी जास्ती करते म्हनून कमी?" तिने विचारलं.

"असंच लिहिलंय."

"आनि तिनं पन गटार काढलं असतं तर?"

"तर सारखं झालं असतं."

"आनि मी नसतं काढलं?"

"तरी सारखंच."

तिने थोडा विचार केला. "मंग गटार कोनाचं?"

चारुदत्तांनी कागद पुढे-मागे चाळला. त्यात ते नव्हतं.

सुमतीबाई भिंत धरत येऊन पोचल्या. त्यांनी सगळं ऐकलं होतं. "मी जाते साहेबांकडे," त्या म्हणाल्या. "सांगते, माझी बाजू पण हीच झाडते. चार वर्षं. माझं जे व्हायचं ते होऊ दे."

"बसा खाली," चिंगी म्हणाली. "सांगितलं तं तुमची नोकरी जाईल. आनि माझं अजून एक काम जास्ती निघंल."

चारुदत्त म्हणाले, वरती अपील करता येतं, दोन-तीन वर्षं लागतील. अब्बा आतून म्हणाले, "सबर करो, चिंगी." एवढं बोलून ते वह्यांचे गठ्ठे लावू लागले.

तेवढ्यात भरत मुकादमाची स्कूटर आली. त्याच्यापर्यंत अहवाल आधीच पोचला होता. तो खुशीत होता, पण चिंगीवर डूख धरून नव्हता. त्याला तेवढंही तिच्याबद्दल वाटत नव्हतं.

"कमलाकरशेठनी निरोप दिलाय," तो म्हणाला. "गटाराचं आता लेखी आलं. म्हणजे ते तुझंच. पुढच्या महिन्यापासून मासळी बाजाराच्या मागचं पण बघायचं."

"लेखी आलं?"

"हो, लेखी."

"हातमोजे पन लेखी आले काय?"

"ते विचारून सांगतो."

चिंगीने नारिंगी जाकीट काढलं. झटकलं. घडी घातली, 'सेवा' आत जाईल अशी, आणि स्कूटरच्या सीटवर ठेवली. भरतला वाटलं, उन्हाचं उकडतंय. ती आमच्या नळावर गेली आणि हात, पाय, कोपर, मान असं सगळं सावकाश धुतलं. सुमतीबाईंनी त्या महिन्याचा साबण पदरातून काढून दिला. तिने तो वापरला आणि ओलाच परत केला.

"उद्या वेळेवर ये हां," भरत म्हणाला. "ढीग उचलायचेत."

"कोनाचे?"

तो हसला. तीही हसली. मग पळस्प्याच्या रिक्षांच्या दिशेने चालू लागली. मला वाटलं, आज लवकर घरी निघाली.

दुसऱ्या दिवशी आली नाही. तिसऱ्याही नाही. चौथ्या दिवशी भरतने हजेरीवर दुसऱ्या वाडीतली बाई लावली. तिला जाकीट तेच. मी आठवड्याने वाडीवर गेले. तिचं झोपडं बंद होतं. शेजारचा शुक्रा म्हणाला, तळोज्याला गेली, मोठ्या इमारतीचं काम हाय. कुठली इमारत ते त्याला माहीत नव्हतं. तळोज्याला शंभर इमारती चढत होत्या. मी परत आले. सात वर्षं जी बाई एक दिवस चुकली नाही तिला जाता येतं, हे आमच्यापैकी कुणाच्या डोक्यात आलं नव्हतं. माझ्याही नाही. माझ्या दोन पानांत ती वाकलेलीच होती.

अपिलाचे कागद चारुदत्तांनी केले. त्यावर एकेचाळीसांपैकी चाळीस सह्या आहेत.

गाळाची एक पद्धत असते. पहिल्या दिवशी काढून कडेला ढीग करायचा, दुसऱ्या दिवशी सुकू द्यायचा, तिसऱ्या दिवशी हातगाडीत भरून न्यायचा. ओला उचलला तर वजन दुप्पट होतं आणि रस्ताभर गळतो. नव्या बाईने सांगितलं, मला फक्त झाडू सांगितलाय. तिला कुणीतरी शहाणं केलं होतं. सुमतीबाईंना वाकता येत नव्हतं. गाडी कागदावर येऊन गेली. वरच्या मजल्यावरच्या बाईंनी तीन वेळा नगरपालिकेत फोन केला, घाण वास येतो म्हणून, आणि चौथ्या वेळी मला विचारलं, "ती तुमची बाई कुठे गेली हो, काम अर्धवट टाकून?"

गटाराच्या कडेने बंदरापासून सहा ढीग होते. सुकून भेगाळले होते. सातव्या झाकणाच्या कडीत सळई अडकवलेली होती आणि झाकण बोटभर उचललेलं होतं.